शितेन्नोजी ते दोतोन्बोरी: ओसाकातील एका पायी सहलीचे परीक्षण

ओसाका शहरात कोणाच्याही मदतीशिवाय हिंडणे अवघड नाही. मेट्रोच्या पाट्या इंग्रजीतही असतात, फोनवरचा नकाशा गल्लीबोळांपर्यंत अचूक असतो आणि वाट चुकलेल्या परक्याला रस्त्यावरची माणसे आपणहून मदत करतात. असे असताना माणशी आठ हजार येनच्या आसपास मोजून मार्गदर्शकासह चार तासांची पायी सहल घ्यावी का, असा प्रश्न बडोद्याहून जपानला निघालेली आमच्या ओळखीची रावपुरा-दांडिया बाजारातील मंडळी हल्ली आम्हांला विचारतात, आणि त्यांच्याकरिताच हे परीक्षण सविस्तर लिहिले आहे. सहल जरूर घ्यावी, असे आमचे मत आहे. जाहिरातीत मात्र निऑनच्या फलकांवर आणि खाण्यावर जो भर दिलेला असतो, तो भाग या सहलीत सर्वांत दुबळा आहे. तिचे खरे मोल एका वस्तीतून दुसरीत शिरताना कळते, कारण तिथेच शहर असे का बदलले याचा उलगडा होतो.

आमचा गट आठ जणांचा होता आणि मार्गदर्शिका परवानाधारक होत्या. परवान्याचा मुद्दा नोंदणीपूर्वी पाहण्यासारखा आहे. जानेवारी २०१८ पासून जपानमध्ये परवाना नसलेल्या व्यक्तीसही पैसे घेऊन परदेशी प्रवाशांना शहर दाखवण्याची मुभा मिळाली, आणि तेव्हापासून या व्यवसायात उत्साही तरुणांपासून अभ्यासू जाणकारांपर्यंत सर्व प्रकारचे लोक आढळतात. परवाना नाही म्हणजे माणूस वाईट असे मुळीच नाही. परंतु इतिहास ऐकायचा असेल तर राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण झालेली व्यक्ती मागून घ्यावी. टिप देण्याची तिकडे पद्धत नाही, हेही आधी माहीत असलेले बरे.

सहलीची सुरुवात शितेन्नोजी या मंदिरापासून होते. राजपुत्र शोतोकू यांनी इ. स. ५९३ मध्ये स्थापिलेले हे मंदिर चार लोकपालांना, म्हणजे आपल्याला संस्कृत नावांनी ठाऊक असलेल्या धृतराष्ट्र, विरूढक, विरूपाक्ष आणि वैश्रवण यांना वाहिलेले आहे. दक्षिणेचे महाद्वार, पाच मजली पागोडा, मुख्य मंदिर आणि प्रवचनगृह एकाच सरळ रेषेत आहेत. पाहणाऱ्याला या वास्तू पुरातन वाटतात, पण त्या काँक्रीटच्या आहेत. पागोडा १९३४ च्या वादळात कोसळला, १९४० मध्ये पुन्हा उभा राहिला, १९४५ च्या हवाई हल्ल्यात जळाला, आणि आजचे मध्यवर्ती प्रांगण १९६३ मध्ये पुरे झाले. हे सांगताना मार्गदर्शिकेने कोठेही सारवासारव केली नाही. मंदिर बांधण्यासाठी कोरियातील पेक्चे राज्यातून जे सुतार आणले गेले, त्यांच्यापैकी एकाच्या घराण्याने ५७८ पासून चालवलेली कोंगो गुमी ही बांधकाम-पेढी थेट २००६ पर्यंत स्वतंत्रपणे काम करीत होती आणि आज दुसऱ्या कंपनीची उपकंपनी म्हणून टिकून आहे, ही माहितीही येथेच मिळाली. इमारती पुन्हा पुन्हा नष्ट होत राहिल्या आणि बांधणारे मात्र चौदा शतके टिकले, हा विचार आमच्या सासूबाईंना इतका भावला की पुढच्या दोन वस्त्यांमध्ये त्यांचे फारसे लक्षच नव्हते.

पश्चिम दरवाजापाशी १२९४ सालची दगडी तोरी आहे. शिंतो देवस्थानापुढे असते तशी कमान बौद्ध मंदिरापुढे कशी, असे आम्ही विचारण्याआधीच मार्गदर्शिकेने आम्हांला तिच्याखाली पश्चिमेकडे तोंड करून उभे केले. पूर्वी या टेकाडाच्या पायथ्याजवळ समुद्र होता. विषुवदिनी सूर्य नेमका या दाराच्या रेषेत मावळतो, आणि हे दार अमिताभ बुद्धाच्या सुखावतीच्या, म्हणजे त्याच्या स्वर्गलोकाच्या, दाराकडे उघडते अशी श्रद्धा असल्याने भाविक आजही त्या दिवशी येथे जमतात. समोर आता वाहनांचा रस्ता आणि उंच इमारती दिसतात. तरीही एकदा जुना किनारा कोठे होता हे कळले की पुढचा सारा उतार निराळा दिसू लागतो. नकाशा हातात घेऊन हिंडणाऱ्याला हा उतार म्हणजे केवळ उतार वाटेल. इथे तो ओसाकाच्या इतिहासाचा पहिला धडा ठरतो.

उताराच्या वाटेवर इश्शिन्जी हे मंदिर लागते. बहुतेक प्रवासी तेथे थांबत नाहीत, आणि ही सहल तेथे थांबते याबद्दल तिला आम्ही पैकीच्या पैकी गुण देतो. येथे कुटुंबांनी आणून दिलेल्या अस्थी व रक्षा एकत्र करून त्यांपासून बुद्धमूर्ती घडवल्या जातात. १८८७ पासून साधारण दर दहा वर्षांनी एक मूर्ती होते, आणि युद्धापूर्वीच्या मूर्ती हवाई हल्ल्यात नष्ट झाल्या आहेत. अस्थिविसर्जनाची सवय असलेल्या आपल्यासारख्यांना हे प्रथम ऐकताना चमत्कारिक वाटते. परंतु शाळेच्या गणवेशातील मुलींपासून वृद्धांपर्यंत सगळे ज्या सहजतेने तेथे उदबत्ती लावून जातात, ते पाहिल्यावर चमत्कारिकपणा उरत नाही. मार्गदर्शिका येथे पाचच मिनिटे बोलल्या आणि नंतर आम्हांला मोकळे सोडले. हा संयम सर्वच मार्गदर्शकांना जमत नाही.

तेथून खाली उतरले की दहा मिनिटांत शिन्सेकाई येते. मंदिराजवळच हा रंगीबेरंगी, काहीसा उतरत्या वयाचा करमणुकीचा मोहल्ला कसा आला, तर १९०३ मध्ये येथे पाचवे राष्ट्रीय औद्योगिक प्रदर्शन भरले होते. ते संपल्यावर पूर्वेकडील जागेवर तेन्नोजी उद्यान झाले आणि पश्चिमेकडे १९१२ मध्ये ही नवी वस्ती वसवली गेली, जिचा उत्तरेकडचा भाग पॅरिसच्या आणि दक्षिणेकडचा न्यूयॉर्कच्या कोनी आयलंडच्या धर्तीवर आखला होता. मध्यभागी उभारलेल्या त्सूतेनकाकू या मनोऱ्याचे प्रेरणास्थान आयफेल टॉवर होता. १९४३ मध्ये पायथ्याशी लागलेल्या आगीत तो निकामी झाला आणि त्याचे पोलाद युद्धाच्या कामी गेले. सध्याचा १०३ मीटरचा मनोरा १९५६ चा असून तो परत उभा करण्यासाठी स्थानिक व्यापाऱ्यांनीच पुढाकार घेतला. शिखरावरच्या दिव्याचा रंग दुसऱ्या दिवशीचे हवामान सांगतो: पांढरा असेल तर निरभ्र, नारिंगी असेल तर ढगाळ, निळा असेल तर पाऊस. मनोऱ्यावर जाण्याचे तिकीट सहलीच्या शुल्कात नाही. वर न गेल्याने काही बिघडत नाही, असे आमचे मत आहे, कारण या वस्तीची मजा खालून, जानजान योकोचोच्या अरुंद गल्लीत अधिक आहे, जिथे काचेआड वृद्ध गृहस्थ शोगीच्या, म्हणजे जपानी बुद्धिबळाच्या, पटावर वाकलेले दिसतात.

शिन्सेकाईच्या दक्षिणेस रेल्वेमार्गापलीकडे कामागासाकी ही रोजंदारीवरच्या मजुरांची वस्ती आहे. १९७० च्या ओसाका येथील जागतिक प्रदर्शनाच्या बांधकामासाठी आणि त्या काळातील इतर कामांसाठी लागणारे मनुष्यबळ येथून पुरवले जाई. ते मजूर वृद्ध झाले आणि कामही आटले. काही सहली हल्ली पर्यटकांना कॅमेऱ्यांसह तेथे नेतात. आमच्या मार्गदर्शिकेने रेल्वेपुलाच्या अलीकडे थांबून ती कथा शांतपणे सांगितली आणि आत नेले नाही. गरिबीचे प्रदर्शन टाळून तिच्या कारणांविषयी बोलणे शक्य असते, हे येथे दिसले. या एका निर्णयासाठीसुद्धा या सहलीची शिफारस करता येईल.

आता तक्रारीकडे वळू. शुल्कात कुशिकात्सूचे, म्हणजे काडीला टोचून तळलेल्या पदार्थांचे, एक ताट धरलेले होते, आणि नोंदणीच्या वेळी आम्ही दोघे शाकाहारी आहोत असे लेखी कळवले होते. प्रत्यक्षात आमच्यापुढे कांदा, कमळकाकडी आणि भोपळा आला खरा, पण पिठात अंडे होते आणि कढई मांस-मासळीचीच होती. दोष दुकानदाराचा नव्हता. त्याच्या दृष्टीने भाजी म्हणजे शाकाहार. सहल विकणाऱ्या संस्थेने हे आधी सांगायला हवे होते, कारण हे तिला नक्की ठाऊक असते. ओसाकातील रश्शाचेही असेच आहे: होक्काइडोहून जहाजांनी येणाऱ्या कोंबू या समुद्री वनस्पतीमुळे येथील दाशीची, म्हणजे रश्शाच्या मूळ पाण्याची, कीर्ती झाली, आणि कोंबू शाकाहारीच असते, परंतु सोबत वाळवलेल्या बोनिटो माशाच्या कातळ्या बहुधा घातलेल्या असतात. तेव्हा कडक शाकाहार पाळणाऱ्यांनी ताट वगळून शुल्क कमी होते का ते विचारावे आणि निघण्यापूर्वी पोटभर खाऊन घ्यावे.

या जेवणात पाऊण तास गेल्यामुळे पुढचा भाग घाईने झाला. युद्धापूर्वी जुन्या पुस्तकांची, युद्धोत्तर काळात विजेच्या उपकरणांची आणि आता बाहुल्या व चित्रकथांची बाजारपेठ असे रूप पालटत आलेल्या निप्पोन्बाशीच्या देन्देन टाऊनमधून आम्ही अक्षरशः पळालो. कुरोमोन बाजारात पर्यटकांसाठी लावलेले भाव पाहून तेथे न थांबल्याचे दुःख वाटले नाही.

होझेन्जीपाशी मात्र वेग पुन्हा मंदावला, आणि ते योग्यच होते. दोन्ही बाजूंना उपाहारगृहे असलेल्या दगडी फरसबंदीच्या बोळात अचलनाथाची, म्हणजे तिकडच्या फुदो देवाची, मूर्ती आहे. येणारा प्रत्येक जण तिच्यावर पळीने पाणी घालतो, अगदी आपल्याकडे पिंडीवर अभिषेक करावा तसे, आणि त्या पाण्याने मूर्तीवर शेवाळाचा इतका जाड थर चढला आहे की चेहरा ओळखू येत नाही. १९४५ मध्ये मंदिर जळाले तेव्हा ही मूर्ती वाचली. तेथून शंभर-दीडशे पावलांवर दोतोन्बोरीचा झगमगाट सुरू होतो. दोतोन्बोरी हे मुळात एका कालव्याचे नाव. तो १६१२ मध्ये खणायला घेतला गेला आणि १६१५ मध्ये पुरा झाला. ज्या दोतोन यांच्या नावाने तो ओळखला जातो, ते त्याच वर्षी ओसाकाच्या वेढ्यात मारले गेले. पुढे काठावर नाट्यगृहे उभी राहिली, ज्यांत १६८४ मध्ये ताकेमोतो गिदायू यांनी स्थापन केलेले बाहुलीनाट्याचे गृहही होते. ग्लिको या मिठाई-कंपनीच्या जाहिरात-फलकावरचा धावणारा माणूस १९३५ पासून तेथे आहे आणि त्याची सध्याची सहावी आवृत्ती २०१४ ची. एबिसुबाशी पुलावर त्याच्यासारखे हात वर करून छायाचित्र काढण्यासाठी जी रांग लागते तीत आम्हीही उभे राहिलो, हे कबूल केले पाहिजे.

एक उणीव आमच्या बडोद्याच्या नजरेला विशेष जाणवली. १९०७ पासून अलेम्बिक ही औषध-कंपनी ज्या शहरात आहे, तेथून गेलेल्या माणसाला ओसाकातील दोशोमाची ही औषध-व्यापाऱ्यांची जुनी पेठ पाहावीशी वाटणारच. ताकेदा या औषध-कंपनीचा उगम १७८१ मध्ये तेथेच झाला. ती पेठ या मार्गाच्या बरीच उत्तरेस असल्याने सहलीत नाही, आणि ती स्वतंत्रपणे पाहावी लागते.

चालणे एकूण साधारण चार किलोमीटरचे आहे. सुरुवातीचा टप्पा उताराचा व नंतरचा सपाट असल्याने सासूबाईंच्या गुडघ्यांना तो मानवला, मात्र रस्त्यांवर बसायला बाके जवळजवळ नसतात, हे वडीलधाऱ्यांसोबत जाणाऱ्यांनी लक्षात घ्यावे. जुलै-ऑगस्टमधील दमट उकाड्यात ही सहल टाळावी. शितेन्नोजीच्या आवारात दर महिन्याच्या २१ आणि २२ तारखेला जुन्या वस्तूंचा मोठा बाजार भरतो. तो पाहण्यासारखा आहे, पण त्या गर्दीत मंदिराची माहिती धड ऐकता येणार नाही. म्हणून सहलीसाठी या दोन तारखा सोडून नोंदणी करावी आणि बाजाराला सकाळी लवकर, आपले आपण जावे.