कापसाचा ओलावा मोजायची मशीन: घ्यावी का नाही?

ज्यायच्या घरी कापूस आहे त्यायच्यासाठी लिहून राहिलो. ऑनलाइन मागवली, अडीच हजाराच्या आत आली. सुया असलेली दांडी अन् छोटासा डिस्प्ले, ओल्या कापसातून करंट जास्त जाते त्याच्यावरून टक्का दाखवते. पण नुसती गंजीत खुपसली तं आकडा कमीच येते, कापूस घट्ट दाबा, मंग सुया घाला, अन् वरून, मधातून, खालून असे वेगवेगळे आकडे घ्या तव्हा कुठं खरं समजते. माहितीपुस्तक पूरं इंग्रजीत, डोक्याले ताप.

आता काऊन घेतली ते. गावात कापूस घ्यायले गाडी येते ना, तो भाऊ चुंगडीत हात घालते, मूठभर काढते, दाबते, तोंड वाकडं करते, "ओला आहे, दोनशे कमी लागन". झाला भाव! सीसीआयच्या (सरकारी कापूस खरेदीवाल्या) सेंटरवर निदान नियम तरी आहे, ८ टक्क्यापर्यंत पूरा भाव, वर गेला की दर टक्क्याले १ टक्का कट, १२ च्या वर घेतच नाही. २०२५-२६ चा लांब धाग्याचा हमीभाव ८११० रुपये, म्हंजे एका टक्क्याले क्विंटलमागं ८१ गेले.

दवातला कापूस मशीनवर १२ च्या पार जाते, तोच उन्हात पसरवला की खाली येते. पन वेचनाऱ्या बायायले मजुरी किलोवर, त्यायले दवातलाच परवडते, वजन भरते, अन् तोच ओलावा तिकडं माह्या भावातून कटते. म्हनून वेचनी दव सुकल्यावर उशिरा सुरू केली तं किलोमागं पैसे वाढवून द्या लागले. एक काकू म्हने, "तुह्या मशीनले इचार, पाठ किती दुखते ते सांगते का." देले मंग, काय बोलनार.

गाडीवाल्याले आकडा दाखवला तं म्हने तुही मशीन तुह्यापाशी ठेव. पन दोनशेचे शंभर झाले, बाप्पा!

दोन-तीन एकरवाल्यायनं चौघात मिळून घ्या. सेल सोबत येत नाही, तालुक्यावरून आनून ठेवा. पाचातून चार स्टार, एक इंग्रजी पुस्तकाचा कट.