लिमातली 'प्रायव्हेट टूर': आमचे पैसे आणि आमचा दिवस कुठे गेला

अमेरिकेत मुलाकडे किंवा मुलीकडे गेलेले आई-वडील हल्ली तिथूनच पेरूला जाऊन येतात. अमेरिकेचा व्हिसा असेल आणि त्याची किमान सहा महिने मुदत शिल्लक असेल, तर भारतीय पासपोर्टवर पेरूचा वेगळा पर्यटक व्हिसा काढावा लागत नाही. शिवाय माचू पिचू बघायची ओढ कुणाला नसते? तिकडे जाण्यासाठी कुस्को शहराचं विमान पकडण्याआधी एखादा दिवस राजधानी लिमात जातोच, आणि वयस्कर माणसं बरोबर असली की त्या दिवसासाठी स्वतंत्र गाडी आणि गाईड घेतला जातो. आम्हीही घेतला. मी, माझा ह्यूस्टनला असलेला धाकटा भाऊ आणि आई-बाबा. त्या दिवशी आम्हाला कसं लुबाडलं ते सविस्तर लिहिते आहे. कुणी चाकू दाखवला नाही, खिसा कापला नाही. जे झालं ते दिवसाउजेडी, हसतमुखानं, आईला हात धरून गाडीतून उतरवत झालं. म्हणूनच ते वेळेवर लक्षात येत नाही.

कंपनीचं नाव देत नाही, पद्धत सांगते. ठरलं होतं असं: सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच, फक्त आमच्यासाठी गाडी, सरकारमान्य इंग्रजी बोलणारा गाईड, सगळी प्रवेशतिकिटं आणि शाकाहारी जेवण धरून. कार्यक्रमात मिराफ्लोरेसमधला हुआका पुक्याना हा मातीच्या विटांचा प्राचीन पिरॅमिड, जुन्या शहरातला प्लासा मायोर चौक, सान फ्रान्सिस्कोच्या मठाखालची तळघरं, मग दुपारी दोन तास लार्को संग्रहालय आणि शेवटी लिमाचाच बारांको हा भाग. पूर्ण रक्कम आधीच भरून घेतली होती. व्हॉट्सॲपवर उत्तरं तत्पर यायची. वार मंगळवार.

गाडी पाऊण तास उशिरा आली. गाईडच्या गळ्यात कार्ड नव्हतं. पेरूमध्ये पर्यटक गाईडसाठी स्वतंत्र कायदा आहे. त्याचं शिक्षण घेतलेल्या माणसालाच हे काम करता येतं आणि त्याच्याकडे फोटो असलेलं ओळखपत्र असतं. भावानं विचारलं तर म्हणाला, "नूतनीकरणाला दिलंय." गाडी सुरू झाली होती, आई पुढच्या सीटवर बसली होती. त्या क्षणी कोण काय करणार? ओळखपत्राचा फोटो आदल्या दिवशीच मागवायचा असतो, आणि सकाळी दाराशी तोच माणूस आला आहे का ते बघायचं असतं, हे आम्हाला नंतर हॉटेलच्या काउंटरवरच्या मुलीनं सांगितलं.

पहिला थांबा हुआका पुक्याना. गाडी कुंपणाशी उभी राहिली आणि गाईड म्हणाला, आज दुरुस्तीसाठी बंद आहे, इथूनच फोटो काढा. बाबा निवृत्त शिक्षक, भौतिकशास्त्राचे. या पिरॅमिडबद्दल त्यांनी विमानात वाचून ठेवलं होतं. माचू पिचू बांधणाऱ्या इन्कांच्या कितीतरी शतकं आधीच्या लोकांनी तो बांधला. विटा आडव्या न ठेवता कपाटातल्या पुस्तकांसारख्या उभ्या लावल्या आणि मधे फटी सोडल्या, म्हणजे भूकंपात भिंत हलेल पण कोसळणार नाही. त्यांना त्या फटी जवळून बघायच्या होत्या. ते कुंपणाच्या जाळीला नाक लावून उभे राहिले. तेवढ्यात भाऊ फाटकापर्यंत जाऊन पाटी वाचून आला. "ताई, दुरुस्ती-बिरुस्ती काही नाही. ही जागा दर मंगळवारी बंदच असते."

म्हणजे मंगळवारचे पैसे घेताना कंपनीला हे माहीत होतं. तिकिटाचा दर तेव्हा माणशी पंधरा सोल होता (सोल हे पेरूचं चलन). रक्कम किरकोळ आहे, पण बंद जागा विकायची, तिकिटाचे पैसे ठेवून घ्यायचे आणि वाचलेला दीड तास दुसरीकडे वापरायचा असा तो हिशेब होता. त्या दीड तासाचं काय झालं ते पुढे येईलच. लिमात प्रत्येक ठिकाणाचा सुट्टीचा वार वेगळा आहे. पाचाकामाकचे अवशेष सोमवारी बंद असतात, लार्को रोज उघडं असतं. कार्यक्रम हाती आला की एकेक नाव काढून वार तपासा. बंद ठिकाण यादीत सापडलं तर ती कंपनी तिथल्या तिथे सोडून द्या. जिला आपल्या शहराच्या सुट्ट्या माहीत नाहीत किंवा माहीत असून सांगायच्या नाहीत, तिच्याकडून पुढे काय अपेक्षा ठेवणार?

सान फ्रान्सिस्कोपाशी गाईडनं सांगितलं की तिकीट कंपनीच्या पैशातूनच आहे, पण त्याच्याकडे सुट्टे नाहीत, शंभर सोल द्या, संध्याकाळी परत देतो. बाबांनी नोट दिली. तो खिडकीकडे गेला आणि दोन मिनिटांत परत आला. "सेन्योर, ही नोट खोटी आहे. त्यांनी घेतली नाही." चेहरा अगदी काळजीचा. दुसरी नोट मागितली.

ही युक्ती लिमात टॅक्सीवाले आणि रस्त्यावरचे पैसे बदलणारेही करतात. तुमची खरी नोट ठेवून घ्यायची आणि जवळची खोटी तुमच्या हातात द्यायची. आमच्या बाबतीत ती उघडी पडली, कारण बाबांनी ती नोट आदल्या संध्याकाळी बँकेच्या आतल्या एटीएममधून काढली होती आणि रात्री टेबलावर ठेवून निरखली होती. शंभर सोलच्या नव्या मालिकेतल्या नोटेवर पेद्रो पाउलेतचं चित्र आहे. पेरूचे लोक त्याला अग्निबाणांच्या क्षेत्रातला आद्य संशोधक मानतात, आणि नोटेवर असा माणूस बघून बाबा हरखले होते. परत आलेल्या नोटेवर होता इतिहासकार होर्खे बासाद्रे, म्हणजे जुन्या मालिकेतला. दोन्ही मालिका चलनात आहेत, त्यामुळे परक्या माणसाला फरक जाणवत नाही. बाबांना जाणवला. ते शांतपणे म्हणाले, "ही माझी नोट नाही."

भाऊ गाईडला घेऊन खिडकीवर गेला. आतल्या बाईनं सांगितलं की आपण कुणाचीही नोट परत केलेली नाही. त्यावर गाईडचा आवाज चढला, तुम्ही मला चोर म्हणता का, माझ्या घरी लहान मुलं आहेत, वगैरे. आजूबाजूचे लोक बघायला लागले. आई घाबरली आणि बाबा म्हणाले, "अगं, जाऊ दे आता. परक्या मुलखात तंटा नको." ही माणसं नेमकी याच वाक्याची वाट बघत असतात. वयस्कर माणसं असलेलं कुटुंब भांडत नाही, हे त्यांना पक्कं ठाऊक असतं. शंभर सोल गेले. ती खोटी नोट आम्ही बाजूला ठेवली. ती दुसऱ्याच्या गळ्यात मारायचा विचारही करू नका, तो गुन्हा आहे. एवढंच करा की मोठी नोट कुणाच्या हातात देऊन त्याला नजरेआड जाऊ देऊ नका. खिडकीवर स्वतः जा. हातात आलेल्या नोटेवरून बोट फिरवा, उजेडात धरा, तिरकी करून रंग बदलतो का बघा. तिथली मध्यवर्ती बँकही लोकांना हेच शिकवते.

तळघरात गाईड आलाच नाही. तिथे मठाचा स्वतःचा मार्गदर्शक गटाला घेऊन फिरतो आणि ते तिकिटातच असतं. म्हणजे 'खासगी तज्ज्ञ गाईडसह' म्हणून आमच्याकडून घेतलेले पैसे त्या भागापुरते कशाचेच नव्हते. मात्र आमच्या गटाला मिळालेली मठाची मार्गदर्शक मुलगी फार मन लावून सांगत होती. 1808 साली शहराबाहेर स्मशानभूमी झाली, तोपर्यंत लिमातले लोक चर्चखालीच पुरले जात. खाली एका गोल विहिरीत कवट्या आणि मांड्यांची हाडं वर्तुळात मांडून ठेवली आहेत. बाबा तिला प्रश्न विचारत राहिले आणि तीही थांबून उत्तरं देत राहिली. दिवसभरात मनासारखा गेला तो एवढाच वेळ.

जेवणाबद्दल थोडक्यात: शाकाहारी म्हणून उकडलेले बटाटे आणि भात, आणि पाण्याचे वेगळे पैसे. पेरूमध्ये बटाट्याच्या शेकडो जाती आहेत, नुसत्या बटाट्याची किती सुंदर जेवणं मिळतात हे आम्हाला पुढे कुस्कोत कळलं.

आता दुकान. जेवणानंतर लार्कोकडे निघालो असं आम्हाला वाटत होतं. गाडी एका बंगल्यासमोर थांबली. आत अल्पाकाच्या लोकरीचे कपडे आणि चांदी. पिरॅमिडवर वाचलेला वेळ इथे घालवायचा होता. दार आतून लावलेलं, कोकाच्या पानांचा चहा, आईला खुर्ची, खांद्यावर शाली. "शंभर टक्के बेबी अल्पाका, आज सरकारी सूट." गाईड बाहेर फोनवर, ड्रायव्हर कुठे दिसेना. निघायचं म्हटलं की "गाडी आत्ता येतेय." तासाभरानं आईनं एक स्वेटर आणि चांदीची साखळी घेतली, मुख्यतः बाहेर पडता यावं म्हणून. बिल 460 सोल.

बेबी अल्पाका ही पिल्लाची लोकर नसते, ती तंतूच्या बारीकपणाची प्रत असते. खरा माल महाग असतो, त्याच्या आतल्या पट्टीवर तंतूंचं प्रमाण छापलेलं असतं आणि हाताला तो गार लागतो. आमच्या स्वेटरला पट्टीच नव्हती. 'नंतर शिवतो' म्हणाले. इचलकरंजीला मामांचे माग आहेत. परत आल्यावर त्यांनी आतल्या शिवणीतला एक धागा ओढून काडीनं पेटवला. लोकर जळली तर केस जळल्याचा वास येतो आणि राख बोटात चुरगळते. हा धागा वितळला आणि टोकाला कडक गोळी झाली. मामा म्हणाले, "ॲक्रेलिक आहे गं हे." साखळीवर 925 किंवा पेरूत जो नेहमी असतो तो 950 असा छापही नाही.

पण खरा घाव कार्डाच्या यंत्रावर बसला, आणि हे सगळ्यांनी नीट वाचावं. पेरूमध्ये कार्डाची यंत्रं सोल आणि डॉलर, दोन्ही चलनांत पैसे घेऊ शकतात. आकडा तोच, चलनाची खूण फक्त वेगळी. दुकानदारानं डॉलर निवडून 460 टाकलं आणि पडद्याच्या कडेवर अंगठा ठेवून यंत्र माझ्यापुढे धरलं. आकडा बिलाशी जुळत होता. एका डॉलरला तेव्हा साधारण साडेतीन ते पावणेचार सोल मिळत होते. म्हणजे अकरा-बारा हजार रुपयांच्या खरेदीला चाळीस हजारांच्या आसपास कापले गेले. बँकेचा मेसेज भारतातल्या सिमवर गेला, आणि पेरूचं सिम घातल्यामुळे ते फोनबाहेर होतं. रात्री वायफायवर बँकेचं ॲप उघडलं तेव्हा आकडा दिसला. यंत्र स्वतःच्या हातात घ्या, आकड्याच्या आधी सोलची खूण आहे का ते वाचा, मगच पिन दाबा. दुकानदारानं कितीही घाई केली तरी.

लार्कोला पोचलो तेव्हा गाईडनं पाऊण तास दिला. हे मला आजही सगळ्यात जास्त सलतं. राफाएल लार्को होयले यांनी 1926 साली सुरू केलेलं हे संग्रहालय, आणि जगात फार थोड्या ठिकाणी असतं तसं इथलं भांडारही लोकांना खुलं आहे. छतापर्यंत फळ्या आणि त्यांवर हजारो मातीची भांडी. इन्कांच्याही आधीच्या मोचे लोकांनी घडवलेल्या माणसांच्या चेहऱ्यांची भांडी अशी, की प्रत्येक चेहरा वेगळा आणि जिवंत. गाठी मारलेल्या दोऱ्यांचे किपू, ज्यांत इन्कांचा कारभार हिशेब ठेवायचा. बाबांना त्या गाठींची दशमान पद्धत समजून घ्यायची होती. ते काचेसमोर वाकून मोजत असताना गाईडनं खांद्यावर हात ठेवून "वामोस" (चला) म्हटलं. बाबांचं वय लक्षात घेता पुन्हा लिमाला जाणं व्हायचं नाही. पैसे परत मिळू शकतात, ते दोन तास कोण देणार?

बारांको गाडीतूनच दाखवलं. हॉटेलशी सव्वाचारला सोडलं, आणि उतरताना बाबांपुढे एक स्पॅनिश कागद धरला, "उपस्थितीची सही." आम्ही सामान काढत होतो तोवर सही झाली होती. सेवा समाधानकारक मिळाली असं त्यात लिहिलेलं होतं.

पुढचं सांगते, कारण उपयोगी पडेल. पेरूच्या ग्राहक कायद्याप्रमाणे प्रत्येक व्यवसायाला तक्रारवही ठेवावी लागते, तिला 'लिब्रो दे रेक्लामासिओनेस' म्हणतात. संकेतस्थळावरून धंदा करणाऱ्यांनाही ती तिथे द्यावी लागते, आणि कंपनीला कामाच्या पंधरा दिवसांत उत्तर देणं बंधनकारक असतं. ग्राहकांसाठी इंदेकोपी ही सरकारी संस्था आहे, आणि पर्यटकांना विनामूल्य मदत करणारं 'इपेरू' हे सरकारी केंद्र. तिथल्या बाईंनी भावाकडून तक्रार लिहून घेतली आणि कंपनीचा अकरा आकडी कर क्रमांक विचारला. आमच्या पावतीवर तो नव्हताच. हा क्रमांक 'रुक' म्हणून ओळखला जातो आणि तिथल्या कर खात्याच्या संकेतस्थळावर कुणालाही तपासता येतो. पैसे भरण्याआधी तो मागा. नोंदणी असलेली कंपनी एका मिनिटात देते.

कंपनीनं उत्तर पाठवलं, सोबत बाबांच्या सहीचा तो कागद जोडून. तिकडून काही मिळालं नाही. बँकेकडे मात्र दुकानाचं सोलमधलं बिल आणि यंत्रातून निघालेली डॉलरमधली चिठ्ठी अशी दोन्ही कागदं दिली. आईनं ती पर्समध्ये जपून ठेवली होती. एकाच खरेदीची दोन वेगळी चलनं समोर आल्यावर बँकेनं वाद दाखल करून घेतला, आणि काही आठवड्यांनी फरकाची रक्कम खात्यात जमा झाली. परदेशात कार्ड वापराल तिथे हे दोन्ही कागद मागून घ्या.

परवा भावानं त्या कंपनीचं पान पुन्हा उघडलं. तारखांमधून मंगळवार निवडून बघितला. कार्यक्रमात पहिलं नाव अजूनही हुआका पुक्यानाचंच आहे, प्रवेशतिकीट धरून.