शाफ्ट आणि हाऊसिंगचे मशीन्ड पार्ट्स : दीड वर्ष माल घेतल्यावर लिहितोय

दीड वर्ष झालं या व्हेंडरकडून माल घेतोय. पहिल्या महिन्यात लिहिलं असतं तर पाच स्टार देऊन मोकळा झालो असतो, पण त्याला काही अर्थ नव्हता, कारण मशीन्ड पार्ट्सच्या बाबतीत पहिला महिना काहीच सांगत नाही. सँपल सगळ्यांचेच छान असतात. पाच पीस कोणीही जीव लावून बनवून देतो, चांगला ऑपरेटर उभा करतो, प्रत्येक पीस दहा वेळा मोजतो. पाचशेवा पीस कसा येतो ते बघायला थांबावंच लागतं, म्हणून मी थांबलो.

आम्ही काय घेतो ते आधी सांगतो म्हणजे बाकीचं कळेल. गाडीत बसणारं, ऑइलमध्ये चालणारं एक छोटं ड्राइव्ह युनिट आहे, त्याचा शाफ्ट आणि अॅल्युमिनियमचं हाऊसिंग. मधे ६२०५ बेअरिंग, म्हणजे शाफ्टला २५ मिलिमीटरचा डाया (व्यास) आणि हाऊसिंगला ५२ चा बोअर, म्हणजे बेअरिंग बसायचं भोक. शाफ्टवर बेअरिंग बसतं तिथे के६ टॉलरन्स (मापात चालणारा फरक) आहे, म्हणजे प्लस २ ते प्लस १५, टोटल १३ मायक्रॉनची बँड, मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग. माणसाचा केस साधारण ७० मायक्रॉनचा धरला तर त्याचा पाचवा हिस्सा पण नाही. बोअर एच७ मध्ये, झिरो ते प्लस ३०. कागदावर हे आकडे साधे दिसतात, आणि कोटेशन मागवलं की सगळे सांगतात हो होईल, काही प्रॉब्लेम नाही.

आधीचा व्हेंडर पण असंच म्हणाला होता. त्याचं नाव लिहीत नाही. आयएटीएफ १६९४९ चं, म्हणजे ऑटो इंडस्ट्रीच्या क्वालिटी सिस्टिमचं, सर्टिफिकेट होतं, मशीन नवीन होत्या, शॉप फ्लोअर चकाचक, सँपल एकदम टॉप आणि पीपॅपच्या, म्हणजे पार्ट मंजूर करून घ्यायच्या, फाइलमध्ये सीपीके (काम मापाच्या मर्यादेत किती सुरक्षित बसतं त्याचा आकडा) १.६७ च्या वर. लॉट सुरू झाल्यावर तिसऱ्या महिन्यापासून आमच्याकडे ऑइल लीक यायला लागलं, सीलमधून, आणि गंमत म्हणजे युनिट एका दिशेने फिरवलं तरच लीक, उलटं फिरवलं की बंद. शाफ्टचा डाया ओके, हार्डनेस ओके, आरए, म्हणजे पृष्ठभागाचा खरखरीतपणा, ०.३ मायक्रॉनच्या आसपास म्हणजे ०.२ ते ०.८ च्या स्पेकमध्ये निवांत बसणारा. आम्ही दोन महिने सीलवाल्याच्या मागे लागलो होतो, सील बदलून बघितले, लिप वेगळी घेऊन बघितली, काही उपयोग नाही. त्या माणसाला विनाकारण त्रास दिला याचं अजून वाईट वाटतं.

वर त्या जुन्या व्हेंडरने फिटमेंटच्या तक्रारीवर काय उपाय सुचवला तर शाफ्ट आणि हाऊसिंगच्या जोड्या लावून पेनाने नंबर टाकून पाठवतो म्हणे. जोड्या! १९०८ साली इंग्लंडमध्ये ब्रुकलँड्सला कॅडिलॅकच्या तीन गाड्या पूर्ण खोलून पार्ट एकमेकांत मिसळून परत जोडल्या आणि ५०० मैल पळवून दाखवल्या, कुठलाही पार्ट कुठल्याही गाडीत बसतो हे सिद्ध करायला, आणि आम्हाला आता कोणी सांगतं की ७ नंबरचा शाफ्ट ७ नंबरच्याच हाऊसिंगमध्ये घाला. उद्या सर्व्हिसला शाफ्ट बदलायचा झाला तर ७ नंबर कुठून आणायचा? त्या दिवशी ठरवलं की दुसरं कोणीतरी शोधायचं.

तर या नव्या लोकांना ड्रॉइंग पाठवलं. बाकीच्या तिघांकडून दोन दिवसात कोटेशन आलं, यांच्याकडून कोटेशनच्या आधी २३ प्रश्नांची यादी आली. मला आधी वैताग आला, खरंच सांगतो, वाटलं हे काम टाळतायत. पण वाचत गेलो तर त्यात अकरावा प्रश्न असा होता की सील बसतं तिथे लीड, म्हणजे आट्यांसारखी तिरकी रेघ, चालणार नाही ना, कारण ड्रॉइंगवर तसं कुठेच लिहिलेलं नाही. दोन महिने जे शोधत होतो ते त्या एका ओळीत होतं.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो, कारण हे समजलं नाही तर पार्ट घेताना फसायला होतं. ग्राइंडिंग करताना व्हील शाफ्टवर आडवं सरकत गेलं, किंवा हार्ड टर्निंगने फिनिश केलं, तर पृष्ठभागावर अतिशय बारीक आट्यांसारखी रेघ उमटते. डोळ्याला दिसत नाही, बोटाला लागत नाही. पण शाफ्ट फिरला की ती रेघ स्क्रूसारखी ऑइल बाहेर ढकलते, आणि उलटं फिरवलं की आत ओढते. आरए मोजणारी सुई शाफ्टच्या लांबीच्या दिशेने थोडंसं अंतर सरकते आणि खाचांची सरासरी खोली सांगते, त्या खाचा गोल आहेत का मळसूत्रासारख्या तिरक्या आहेत हे तिला कळतच नाही. म्हणून रिपोर्ट ओके आणि ऑइल जमिनीवर. याला उपाय प्लंज ग्राइंडिंग, म्हणजे व्हील सरळ आत जातं, आडवं हलत नाही, आणि शेवटी काही वेळ फीड न देता फिरू द्यायचं, ठिणग्या थांबेपर्यंत. व्हील ड्रेस करताना घाई केली तर तिथूनही रेघ उतरू शकते, हे पण यांनीच सांगितलं.

आणि तपासायचं कसं, तर दोऱ्याने! मी पहिल्यांदा त्यांच्याकडे बघितलं तेव्हा विश्वास बसला नाही, कारण बाजूला चांगलं महागडं सीएमएम, म्हणजे मापं घ्यायचं कॉम्प्युटरवालं मशीन, उभं आहे आणि क्वालिटीतल्या ताई शाफ्टला पातळ ऑइल लावून त्यावर दोरा टाकतायत, दोऱ्याच्या टोकाला छोटं वजन. शाफ्ट आडवा, लेव्हलमध्ये, सावकाश फिरवायचा. दोरा जागेवर राहिला तर पास. एका बाजूला चालायला लागला तर उलटं फिरवून बघायचं, उलट्या बाजूला चालला तर लीड आहे, त्याच बाजूला जात राहिला तर शाफ्ट लेव्हलमध्ये नाही किंवा टेपर आहे. मी आमच्याकडचे लीक झालेले जुने दोन शाफ्ट बॅगेत घेऊन गेलो होतो, ताईंनी ते लावले आणि दोरा जो सरकला ना, मी फोनमध्ये व्हिडिओ काढून आमच्या डिझाइनवाल्यांना तिथूनच पाठवला. ड्रॉइंग आठवड्यात सुधारलं.

आता पीपॅप. लेव्हल ३ मागितली होती, १८ एलिमेंट. फाइल जाड असली की माझा जीव घाबरतो, कारण जाड फाइलमध्ये लपवायला जागा जास्त. यांच्या फाइलमध्ये मला आवडलं ते एक वाईट पान. बोअर मोजायच्या डायल गेजचं आर अँड आर, म्हणजे मोजण्यातूनच येणारा फरक, ३४ टक्के आलं होतं आणि त्यांनी ते तसंच लावलं होतं. १० च्या आत चांगलं, १० ते ३० मध्ये विचार करून घ्यायचं, ३० च्या वर घ्यायचंच नाही, असा नियम आहे, म्हणजे त्यांनी स्वतःच लिहून दिलं की आमचं मोजमाप या कामाला लायक नाही, एअर गेज (हवेच्या दाबावर मोजणारं) मागवलंय, तोपर्यंत प्रत्येक पीस सीएमएमवर. एअर गेज आल्यावर आकडा ९ वर आला. मी इतक्या वर्षांत इतक्या फाइली बघितल्या, ३४ चा ९ पेनाने करणारे भरपूर भेटले, ३४ दाखवणारे हे पहिले.

पण एअर गेज आलं तरी पायलट लॉटमध्ये राडा झालाच. त्यांच्या रिपोर्टवर बोअर ५२.०१०, आमच्या इनकमिंगला तोच पीस ५१.९९२. म्हणजे अंडरसाइज, रिजेक्ट. दोन्हीकडची गेज कॅलिब्रेटेड, दोघंही आपापल्या जागी ठाम, फोनवर आवाज चढले. शेवटी त्यांच्या मशीन शॉपच्या साहेबांनी विचारलं की तुम्ही मोजता तेव्हा पार्ट किती गार असतो? तिथे उत्तर सापडलं. अॅल्युमिनियम एका मीटरला एका डिग्रीमागे साधारण २३ मायक्रॉन वाढतं. मशीनमधून आत्ता काढलेला जॉब आमच्या २० डिग्रीच्या रूमपेक्षा १५ डिग्री गरम असला तर ५२ च्या बोअरमध्ये १८ मायक्रॉनचा फरक, आणि बँडच मुळात ३० ची! दोघांची मापं बरोबर होती, मधल्या वेळेत पार्टच आकसला होता. चूक त्यांचीच, हे आधी कळायला हवं होतं, आणि ते त्यांनी मान्य केलं. आता मशीनच्या बाजूला जाड प्लेट ठेवलीय, जॉब त्यावर गार होतात, गेज जुळवायची मास्टर रिंग शेजारीच असते, मग मोजतात. त्यानंतर बोअरची एकही तक्रार नाही.

शाफ्टचं मटेरियल १६एमएनसीआर५ आहे, केस कार्ब्युराइझ करून, म्हणजे भट्टीत वरची कातडी कडक करून, ५८ ते ६२ एचआरसी हार्डनेस. हीट ट्रीटमेंट यांच्याकडे नाही, बाहेर करून घेतात, आणि मला हा त्यांचा कच्चा दुवा वाटतो. भट्टीवाल्याकडे उशीर झाला की यांच्याकडे होतो, मग आमच्याकडे. ७ आठवड्यात डेव्हलपमेंट देतो म्हणाले होते, ११ लागले, त्यातले तीन तरी भट्टीत गेले. कार्ब्युराइझ झालेला शाफ्ट थोडा वाकतो, मग ग्राइंडिंगला एका बाजूने जास्त मटेरियल जातं आणि त्या बाजूची कडक कातडी पातळ होते, हा धोका कायम असतो. त्यासाठी प्रत्येक बॅचमधला एक शाफ्ट ग्राइंडिंगनंतर कापून मायक्रोहार्डनेसचा ग्राफ पाठवतात. पीस वाया जातो पण मला झोप लागते.

उशीर मी माफ करतो पण ईमेलला उत्तर न देणं नाही करत. चार चार दिवस उत्तर नाही, फोन केला की लगेच सगळं सांगतात. अहो, मला लेखी पाहिजे असतं, माझ्याकडे पण ऑडिट असतं. रिपोर्टचे स्कॅन तिरके, अर्धे कापलेले. आणि छोटा लॉट घ्यायला तयार होत नाहीत, प्रोटोटाइपचे १० पीस पाहिजे असतील तर यांच्याकडे जाऊच नका. एक स्टार याचाच कापतोय.

एकदा गंज पण आला. बॉक्स उघडला तर शाफ्टवर तपकिरी ठिपके. पहिल्या ८डी मध्ये, म्हणजे तक्रारीचं कारण आणि उपाय लिहायच्या रिपोर्टमध्ये, कारण काय लिहिलं, तर ऑपरेटरला ट्रेनिंग दिलं. असली उत्तरं मी परत पाठवतो, पाठवलं. दुसऱ्या वेळी खरं कारण आलं: वॉशिंगमधून निघालेले गरम शाफ्ट ओलसर असतानाच व्हीसीआय (गंज रोखणाऱ्या) पिशवीत सील करत होते, गार झाल्यावर आतल्या आतच पाणी सुटत होतं. आता सुकवून, गार करून, ऑइल लावून मगच पिशवी. तेव्हापासून ठिपका नाही.

आता ती गोष्ट, जिच्यामुळे हे सगळं लिहायला बसलो. मागच्या वर्षी २४० शाफ्टचा लॉट निघाला होता, गाडी रस्त्यात होती. संध्याकाळी उशिरा ताईंचा फोन, "सर, माल लाइनवर सोडू नका." शिफ्टमध्ये इन्सर्ट (टूलचं कापणारं टोक) बदलताना ०.८ रेडियसच्या जागी १.२ चा लागला होता. शाफ्टच्या खांद्याजवळचा रेडियस ड्रॉइंगवर ०.८ मॅक्स आहे, १.२ झाला की बेअरिंगची आतली रिंग त्या गोलाईवरच अडते, खांद्याला टेकत नाही. प्रेसवर बसल्यासारखं वाटतं, डाया मोजला तर ओके, आणि पुढे गाडीत चालताना बेअरिंग हलतं. आमच्या इनकमिंगला हे सापडलं नसतं, आम्ही तिथला रेडियस प्रत्येक लॉटला बघत नव्हतो, आता बघतो. त्यांच्या बॉक्सवर तासाप्रमाणे टॅग असतात म्हणून टूल बदलल्यानंतरचे नेमके ६० पीस वेगळे काढता आले, सकाळी त्यांची दोन माणसं प्रोजेक्टरवरचा टेम्प्लेट घेऊन आमच्या गेटवर हजर, दुपारपर्यंत सॉर्टिंग झालं, लाइन एक मिनिट थांबली नाही. गप्प बसले असते तर कोणाला कळलं असतं? सहा महिन्यांनी फील्डमधून आवाज आला असता आणि आम्ही बेअरिंगवाल्याला धरलं असतं, जसं सीलवाल्याला धरलं होतं.

म्हणून नवीन व्हेंडर बघायला जाताना मी आता मशीन किती अॅक्सिसची ते शेवटी विचारतो. आधी रिजेक्ट पीस टाकायचा लाल बिन बघतो. रिकामा आणि धूळ बसलेला असेल तर हे रिजेक्शन लपवतात असं समजतो. मग सँपलचा रिपोर्ट नको, मागच्या महिन्यातल्या कुठल्याही चालू लॉटचा कंट्रोल चार्ट (वेळोवेळी घेतलेल्या मापांचा आलेख) दाखवा म्हणतो, दुसऱ्या कस्टमरचा असेल तर नाव झाका. आणि मापात पॉइंट बाहेर गेला तेव्हा काय केलं ते ऑपरेटरला विचारतो, साहेबाला नाही. यांच्याकडे ऑपरेटरने मला वही काढून दाखवली होती, तारीख, वेळ, किती ऑफसेट दिला, कोणाला बोलावलं.

पुढचा स्प्लाइनवाला शाफ्ट यांनाच दिलाय. ड्रॉइंग पाठवल्यावर तिसऱ्या दिवशी १७ प्रश्न आले, या वेळी ईमेलवर. त्यातले ४ आमच्या ड्रॉइंगमधल्या चुकांचे निघाले, दुरुस्त करून काल परत पाठवलंय.