म्हापशातला तयार श्रिंप सेट: टाकी झकास, मासे मात्र बदलून घ्या

म्हापशाच्या बाजाराजवळ अ‍ॅक्वेरियमच्या एका दुकानात चेरी श्रिंपचा, म्हणजे गोड्या पाण्यातल्या छोट्या लाल कोळंबीचा, तयार सेट मिळतो. ६० × ३० × ३० सेंमीची टाकी, स्पंज फिल्टर, मूठभर जावा मॉस (पाण्यातलं शेवाळी रोप), १० चेरी श्रिंप, आणि सोबतीला ६ गप्पी, २ ओटो (शेवाळ खाणारे छोटे मासे) व नाण्याएवढा एक एंजल मासा.

टाकी आणि फिल्टरबद्दल तक्रार नाही. स्पंज फिल्टरमध्ये श्रिंपची पिल्लं ओढली जात नाहीत, उलट स्पंजवरचा थर चरत ती दिवसभर तिथेच बसतात. पावसाळ्यात वीज गेली की बॅटरीवरचा एअर पंप फिल्टरच्या हवेच्या नळीला लावता येतो.

गडबड आहे ती माशांत. एंजल आज लहान दिसतो, पण तो तळहाताएवढा होतो आणि अडीच सेंमीचा श्रिंप सहज गिळतो. गप्पींचं नुकसान लवकर ध्यानात येत नाही. मोठ्या श्रिंपला त्या हात लावत नाहीत, म्हणून सगळं सुरळीत वाटतं. मादीच्या पोटाखाली पिवळसर अंडी तीन-चार आठवडे दिसतात, ती पंख्यासारखे पाय हलवून त्यांना पाणी देत असते. मग एक दिवस अंडी नाहीत आणि पिल्लूही नाही. नवजात पिल्लू जेमतेम दोन मिमी असतं, गप्पीला तो एक घास. सोबती निवडताना मोठा श्रिंप नाही, हे पिल्लू डोळ्यांसमोर ठेवायचं.

ओटोची निवड बरोबर, वेळ चुकीची. पिल्लांच्या वाटेला न जाणारा हाच मासा, पण तो शेवाळावर जगतो आणि कोऱ्या टाकीत उपाशी मरतो. टाकी दोन-तीन महिने मुरू द्या, मग ४ ते ६ ओटो एकदम आणा. दुकानात तो काचेला चिकटलेला असताना पोट बघा: खपाटीला गेलं असेल तर घेऊ नका.

आधी फक्त श्रिंप सोडा. लहानमोठी सगळ्या वयाची पिल्लं दिसू लागली की ८ एम्बर टेट्रा हे छोटे मासे चालतील. तेही थोडी पिल्लं टिपतात, पण मॉस दाट असेल तर वसाहत वाढत राहते. चिली रासबोराचं तोंड आणखी लहान, पण त्याला मऊ (कमी क्षारांचं), आम्लधर्मी पाणी लागतं आणि चेरीला थोडं जड. एकाची सोय पाहिली की दुसऱ्याची गैरसोय. शेजारच्या टाकीतले पारदर्शक ‘घोस्ट श्रिंप’ घेताना पुढचे चिमटे पाहा. लांब असतील तर ती नदीतली सुंगटं (कोळंबी), चेरीला फाडून खातात.

पाण्याबद्दल दुकान काहीच सांगत नाही. जांभ्या दगडातल्या विहिरीचं पाणी बहुधा मऊ असतं. त्यात कवच नीट बनत नाही, कात टाकताना डोक्यामागे पांढरी रेघ उमटते आणि श्रिंप अडकून मरतो. जीएच (पाण्याच्या जडपणाचं माप) ६ च्या खाली असेल तर उकळून धुतलेल्या शिंपल्यांचा चुरा जाळीच्या पिशवीत घालून फिल्टरजवळ ठेवा. नळाचं पाणी असेल तर क्लोरीन काढूनच वापरा. श्रिंप आणलेली पिशवी टाकीत १५ मिनिटं तरंगवून मग त्यांना सोडा असं सहसा सांगतात, ते पुरत नाही. बारीक नळीने टाकीचं पाणी श्रिंपच्या पाण्यात सोडा: सेकंदाला दोन थेंब, दीड तास.

सेटबरोबर पांढऱ्या ठिपक्यांच्या रोगावरची बाटली फुकट मिळते. लेबलावर कॉपर सल्फेट लिहिलंय. त्याचा डोस श्रिंपचा जीव घेतो, ती टाकीजवळही ठेवू नका.

मागितलं तर एंजल आणि गप्पींऐवजी दुकान तेवढ्याच पैशांत जास्तीचं मॉस देतं. तेच मागा.