टोटल वॉर: शोगन २ – काही महिने खेळल्यानंतरचा अनुभव

गेम २०११चा आहे, ग्राफिक्स आता जुने वाटतील. तरीही सेंगोकू काळातल्या, म्हणजे घराण्यांच्या आपापसांतल्या युद्धांच्या काळातल्या जपानवर काही खेळायचं असेल तर आजही हाच घ्या. सेटिंग थोडी कमी केली की साध्या लॅपटॉपवरही नीट चालतो.

सुरुवात १५४५ साली होते. तुम्ही एका घराण्याचे दाइम्यो, म्हणजे प्रांताचे धनी; शेवटी तेव्हाची राजधानी क्योतो ताब्यात घ्यायची. लढाया देखण्या आहेतच, पण मला इतके महिने धरून ठेवलं ते तांदळाने. सगळा जमाखर्च 'कोकु'त. एक कोकु म्हणजे साधारण १८० लिटर तांदूळ, एका माणसाची वर्षभराची बेगमी. त्या काळी दाइम्योची ऐपतही याच मापाने ठरायची. किल्ले वाढवत नेले की धान्य जास्त लागतं. शेती मागे पडली तर तुटवडा, मग असंतोष, मग बंड. एक चाल म्हणजे एक ऋतू. हिवाळ्यात फौज परमुलखात अडकली तर न लढताच माणसं घटत जातात.

मी सर्वाधिक खेळलो ते ओदा घराणं. शत्रू चहूकडून, पण यांचे आशिगारू, म्हणजे साधे पायदळ, स्वस्त आणि चिवट. कताना, म्हणजे तलवार, घेतलेले सामुराई रुबाबदार खरे, पण त्यांना पोसताना तिजोरी रिकामी होते. लढाई तोलून धरतात ते भालेवाले आशिगारूच. एखादी तुकडी डगमगली की तिचं निशाण पांढरं लुकलुकतं. अशा वेळी सेनापतीला घोड्यावरून उतरवून रांगेमागे बसवता येतं. तो हलत नाही हे पाहून माणसं पुन्हा पाय रोवतात. तो तिथेच पडला तर मात्र फळीच मोडते. साध्या माणसांचं हे महत्त्व इतिहासाला धरून आहे. साध्या घरातून आलेला सेनापती हिदेयोशी १५९०पर्यंत अख्ख्या जपानचा धनी झाला, आणि १५८८मध्ये त्यानेच शेतकऱ्यांची हत्यारं काढून घेतली.

खटकतो तो 'रेल्म डिव्हाइड' नावाचा टप्पा. तुमचा दबदबा वाढला की शोगन, म्हणजे देशाचा लष्करी प्रमुख, तुम्हाला शत्रू ठरवतो आणि सगळी घराणी उलटतात. कल्पना खरी आहे: शोगन आशिकागा योशिआकीने ओदा घराण्याच्या नोबुनागाविरुद्ध ताकेदा, आसाकुरा अशा घराण्यांना चिथावलं होतं, १५७३मध्ये नोबुनागाने त्याला क्योतोतून हाकललं. पण इथे वर्षानुवर्षं जपलेले मित्रही हळूहळू फिरतात. खऱ्या इतिहासात नोबुनागाचा मित्र दाइम्यो तोकुगावा इएयासू तर १५६२पासून नोबुनागाच्या मृत्यूपर्यंत, १५८२पर्यंत, त्याच्यासोबत राहिला! मग इथे मैत्री करायचीच कशाला? शेवटचा टप्पा त्यामुळे नुसता चहूबाजूंनी मारा थोपवण्याचा होतो. त्याआधी खजिन्यात भरपूर कोकु साठवा, बंदुकवाले तयार ठेवा.

नवख्यांनी ओदा घेऊ नका. शिकोकू बेटावरचे चोसोकाबे घ्या. एका बाजूला समुद्र असतो आणि धनुर्धारी उत्तम मिळतात. बेट हाती आलं की पुढचं सुचत जातं.