सिरियल की सिनेमा? दोन्ही करून झाल्यावरचं माझं मत

चार-पाच वर्षं असिस्टंट डिरेक्टर म्हणून काढली की हा पेच येतोच, एकीकडे डेली सोपचा एपिसोड डिरेक्टर व्हायची ऑफर आणि दुसरीकडे स्वतःच्या सिनेमाची लिहून ठेवलेली स्क्रिप्ट. मी आधी सिनेमा केला, मग सिरियल. त्यामुळे हे सगळं माझ्यापुरतं, तुमचा अनुभव वेगळा असू शकतो.

सिनेमात जे सुख आहे ते सिरियलमध्ये नाही, हे आधीच मान्य करतो. माझा सिनेमा २८ दिवसांत झाला, म्हणजे दिवसाला चार-पाच मिनिटं. वाईच्या एका वाड्यात आजी दिवा लावते एवढाच एक शॉट होता, पण हवा तसा उजेड मिळेना म्हणून आम्ही दोन संध्याकाळी थांबलो. सिरियलला दोन कॅमेरे लावून दिवसाला जवळजवळ अख्खा एपिसोड काढायचा असतो, सीन सकाळी साडेनऊला व्हॉट्सॲपवर येतो तेव्हा आर्टिस्ट मेकअपला बसलेले असतात, दुपारी चॅनेलचं करेक्शन येतं, गुरुवारी रेटिंग आलं की गोष्टीचा ट्रॅकच फिरतो. एडिट आपल्या हातात नाही. शिफ्ट बारा-तेरा तास आणि पैसे नव्वद दिवसांनी.

मग मी सिरियलकडे का आलो, तर वाट बघण्यामुळे. शूटिंग २८ दिवसांचं आणि रिलीजला लागली अडीच वर्षं. आधी डबिंगचे पैसे अडले, मग डीआयचे (फायनल कलर करेक्शनचे), मग तारीख दोनदा पुढे गेली. या काळात मी एकदाही 'ॲक्शन' म्हटलं नाही. शेवटी शो मिळाला सकाळी सव्वानऊचा. मावशी तिच्या भिशीच्या सहा बायकांना घेऊन ठाण्याहून गेली, तर तिकीट खिडकीवर सांगितलं की पब्लिक नाही, शो कॅन्सल. तिने मला फोन केला, "अरे, आम्ही आता कुठे बघायचा?" याचं उत्तर माझ्याकडे नव्हतं आणि हे अजूनही मनातून जात नाही.

सिरियलमध्ये सोमवारी चुकलं तर मंगळवारी सुधारता येतं. जेवणाच्या टेबलाभोवती नऊ कॅरेक्टर, कोण कोणाकडे बघतंय, आयलाइन (नजरेची दिशा) जुळत नाही, पहिल्या महिन्यात असा सीन आला की मला घाम फुटायचा. सहा महिन्यांनी कागदावर न मांडता कॅमेरे लावायला लागलो. अडीच वर्षं घरी बसून हे आलं नसतं असं मला तरी वाटतं.

टीव्हीचा शिक्का बसतो म्हणतात, थोडा बसतोही. पण डिरेक्टर केदार शिंदेंनी २००१ ला 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही सिरियल केली, मग सिनेमे, २००४ ला 'अगं बाई अरेच्चा!' आणि २०२३ ला 'बाईपण भारी देवा'. सतीश राजवाडेंनी 'मुंबई-पुणे-मुंबई' हा सिनेमा २०१० ला करून नंतर 'एका लग्नाची दुसरी गोष्ट' ही सिरियल केली. म्हणजे दोन्हीकडून ये-जा होते.

प्रोड्युसर पक्का असेल आणि रिलीजपर्यंतचे पैसे खरंच बाजूला काढलेले असतील तर सिनेमाच करा, मी अडवणार नाही. फक्त 'बघू, होईल' एवढंच असेल तर ऑफर सोडू नका. स्क्रिप्ट सुट्टीच्या दिवशी लिहिता येते, माझी दुसरी तशीच चालू आहे, इंटरवलपर्यंत आलीये.