बक-टिक : दहा महिने, चोवीस अल्बम

तोक्योत राहतो. घर निशी-कासाईत, ऑफिस ओतेमाचीला. सकाळच्या मेट्रोच्या तोझाई लाइनमध्ये हात हलवायला जागा नसते, पण कान मोकळे असतात. गेले दहा महिने त्या कानांत एकच बँड आहे, जपानी रॉक बँड बक-टिक. पहिल्या अल्बमपासून क्रमाने ऐकायचं आणि एक मुरल्याशिवाय दुसरा लावायचा नाही, असं ठरवूनच सुरुवात केली.

गुन्मा प्रांतातल्या फुजिओका गावची ही पोरं १९८३ साली जमली. नाव फटाक्यांवरून, जपानीत 'बाकुचिकु'. आत्सुशी साकुराई आधी ड्रम वाजवायचा. १९८५ मध्ये तो गायला पुढे आला आणि ड्रमवर यागामी तोल बसला, बेस वाजवणाऱ्या युताका हिगुचीचा थोरला भाऊ. गिटारवर हिसाशी इमाई आणि हिदेहिको होशिनो. तिथून पुढे ३८ वर्षं या पाचांतला एकही बदलला नाही.

खरं सांगतो, १९८७चे दोन अल्बम मला भिडले नाहीत. आवाज कोवळा, गाण्यांना घाई. सोडून देणार होतो. मग जुन्या सीडींच्या दुकानात १९९१चा 'कुरुत्ता तायो' मिळाला, कडेची ओबी, म्हणजे कागदी पट्टीसुद्धा शाबूत. त्यात 'जुपिटर' आहे. चाल होशिनोची, शब्द साकुराईचे. त्याची आई आदल्या वर्षी गेली होती. हे मला नंतर कळलं. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा निम्मे शब्दही कळत नव्हते, तरी मोन्झेन-नाकाचो स्टेशन येईपर्यंत घसा दाटून आला होता. रात्री सीडीची पुस्तिका उघडून एकेक कांजी, म्हणजे जपानी चित्राक्षर, शब्दकोशात शोधत बसलो. शेजारी माझ्या आईचा फोटो होता. दुसऱ्या दिवशी गावी फोन केला.

पुढचे चार महिने सगळ्यात सुखाचे. १९९७ मध्ये यंत्रांचे आवाज, २००५ मध्ये अंधाऱ्या नाटकघरासारखा एक अख्खा अल्बम, २००७ मध्ये पुन्हा साध्या, उघड्या गिटारी. इमाई मधूनच थेरेमिन काढतो, आणि ते हवेत हात फिरवून वाजवायचं वाद्य गाण्यात चपखल बसतं. साकुराईचा आवाज तोवर खर्जात उतरलेला, भरलेला. माझ्या मते २००५ नंतरचा साकुराई तरुण साकुराईपेक्षा कितीतरी मोठा गायक आहे. नव्याने ऐकणाऱ्यांनी २००७च्या 'तेन्शी नो रिव्हॉल्व्हर'पासून सुरू करावं आणि मग मागे यावं. माझ्यासारखं क्रमाने गेलात तर दारातूनच परत फिराल.

तेविसावा 'इझोरा', एप्रिल २०२३. तो मी मुद्दाम लांबवला. त्याच वर्षी १९ ऑक्टोबरला योकोहामात कार्यक्रम चालू असताना साकुराई कोसळला आणि त्याच रात्री गेला. मेंदूत रक्तस्राव, वय ५७. उरलेले चौघं २९ डिसेंबरला तोक्योतल्या बुदोकान सभागृहाच्या मंचावर उभे राहिले आणि त्याच्या ध्वनिमुद्रित आवाजाला साथ दिली. २९ डिसेंबर ही त्यांची वर्षानुवर्षांची तारीख. ती त्यांनी चुकवली नाही.

चोविसावा 'सुबुरोसा', डिसेंबर २०२४. यात इमाई आणि होशिनो गातात. पहिले दोन आठवडे मी दर गाण्यात तिसराच आवाज शोधत होतो. आता इमाईचा करकरीत आवाज मला त्याचा म्हणून आवडायला लागलाय. भावांची बेस-ड्रमची जोडी मात्र पहिल्या दिवसापासून तशीच घट्ट आहे. हेडफोन चांगला असेल तर फक्त तेवढंच ऐकत राहावं.

बुदोकान माझ्या ऑफिसपासून दोन स्टेशनं पुढे, कुदानशिताला. आजवर एकदाही उतरलो नव्हतो. तिकिटं लॉटरीने मिळतात. पुढच्या दौऱ्यासाठी नाव घातलंय.